उंबराला बांधलेले पट्टे

आमच्या दवाखान्याच्या आवारात एक उंबर आहे आणि त्या उंबराला गाड्यांचे सीटबेल्ट बांधलेले आहेत. काळे, करडे, एखाददुसरा लाल. त्यांना हळदकुंकू लावलेलं असतं, बकलात झेंडूचं फूल खोवलेलं असतं. खालापूरकडून येणारे टेंपोवाले गेटापाशी वेग कमी करतात, एक हात छातीला लावतात आणि पुढे जातात. पहिल्यांदा आलेला पेशंट आधी झाडाला नमस्कार करतो, मग आत येऊन केसपेपर काढतो. नव्या नर्सना वाटतं, पिढ्यान्‌पिढ्यांचं काहीतरी जागृत स्थान असेल. कसलं आलंय पिढ्यांचं! हे सगळं आमच्या सर्जननी करून ठेवलंय, आणि तेही देवाधर्मावर काडीचा विश्वास नसताना.

आमचे सर्जन म्हणजे माझे यजमान. मी भूलतज्ज्ञ. घरात मी त्यांना ‘अहो’ म्हणते, थिएटरात ‘सर’ म्हणते आणि डोकं फिरलं की दोन्हीकडे ‘आमचे सर्जन’. हे सगळं मी बरंचसं डोकं फिरलेल्या अवस्थेतच लिहितेय, तेव्हा तेच चालू द्या.

खोपोली आणि खालापूरच्या मधे, जुन्या हायवेला लागून आम्ही दवाखाना काढला तेव्हा विचार असा होता, की हर्निया, अपेंडिक्स, मूळव्याध अशी सभ्य कामं करत आयुष्य काढू. पण समोर रस्ता. साजगावच्या कारखान्यांचे ट्रक, घाट उतरून आलेले ट्रेलर, शनिवारी मुंबईहून सुटलेल्या गाड्या, आणि या सगळ्यांच्या मधून तिघं बसलेली मोटरसायकल. हर्निया राहिला बाजूला. मी झोपवायची आणि हे शिवायचे. काही वर्षं त्यांनी निमूटपणे शिवलं. मग एक दिवस हातमोजे काढता काढता म्हणाले, "मी सर्जन नाही, रफूवाला आहे. फाटून आलं की शिवायचं. फाटू नये म्हणून कोण बघणार?"

कोण बघणार म्हणजे हेच बघणार. त्या दिवसापासून आमच्या घरात कुणी सुखानं बसलेलं नाही. हे मी शब्दशः म्हणतेय, कारण त्यांनी पहिला पट्टा बसवला तो ओटीवरच्या झोपाळ्याला. सासूबाई दुपारी झोपाळ्यावर बसून शेंगा सोलायच्या. आता त्या पट्टा लावून शेंगा सोलायला लागल्या. शेजारणी आल्या की त्या पट्टा पदराखाली लपवायच्या, आणि चहा आणायला उठल्या की झोपाळ्यासकट उठायच्या.

मग भोपळे. एका लाकडी गाड्यावर दोन भोपळे ठेवायचे, एक पट्ट्यानं बांधलेला, एक मोकळा. गाडा उतारावरून सोडायचा आणि खाली दगडावर आदळायचा. बांधलेला गाड्यावर राहतो, मोकळा उडून फुटतो. यातून लोकांनी काय ते समजायचं. कर्जतच्या बाजारात पहिल्यांदा हा प्रयोग झाला तेव्हा लोक खरंच गप्प झाले. दुसऱ्या वेळी बायका पिशव्या घेऊन आल्या. तिसऱ्या वेळी गाडा सुटायच्या आधीच गर्दीतून मागणी आली की दोन्ही मोकळे सोडा, एकाच भोपळ्यात कितीजणांची भाजी होणार? एक म्हातारी तर बांधलेल्या भोपळ्याकडे बघून हळहळली, त्यानं काय पाप केलंय म्हणाली. आमचे सर्जन घरी येऊन जेवले नाहीत. जेवायला भोपळ्याचीच भाजी होती, हेही एक कारण असेल.

तोवर ते गाड्यांमधे डोकावायला शिकले होते, आणि त्यांना जे दिसायचं त्यानं त्यांच्या तळपायाची आग मस्तकात जायची. कुणी पट्ट्यानं मागचा दरवाजा बांधलेला, कुणी शेळी. नव्या गाडीच्या पट्ट्यावरचं प्लास्टिक तसंच, का तर नवीन आहे, मळेल. पट्टा लावला तर समोरून येणारा लाइट मारून विचारतो, पुढे पोलीस आहे का. त्यामुळे पट्टा लावणं म्हणजे खोटी बातमी पसरवणं, असं इथल्या ड्रायव्हर मंडळींचं प्रामाणिक मत होतं.

तेव्हा ह्यांनी शेवटचा उपाय काढला आणि त्यात मला गोवलं. ऑपरेशन संपलं, मी भूल उतरवायला लागले, की हे पेशंटच्या कानाशी वाकायचे. डोळे अर्धे उघडले, जीभ जड, आपण वर आहोत की खाली याचा पत्ता नाही, अशा माणसाला पहिला प्रश्न: "पट्टा लावशील ना?" माणूस त्या अवस्थेत कशालाही हो म्हणतो. हो म्हणाला की हे बाहेर जाऊन नातेवाइकांना सांगायचे, त्यानं शब्द दिलाय. मी भांडले, हे नीतीला धरून नाही म्हटलं. हे म्हणाले, "शुद्धीत असताना कोण ऐकतं?" आणि पुढच्या पेशंटच्या कानाशी वाकले.

कुंभिवलीचा टेंपोवाला असाच अपेंडिक्स काढायला आला होता. साजगावच्या कारखान्यांचा माल इकडून तिकडे न्यायचा. त्यानंही अर्धवट शुद्धीत मान हलवली आणि ह्यांनी ते बाहेर त्याच्या आईला सांगितलं. बाईंनी पदर सावरून दोन्ही हात जोडले. त्यांच्या दृष्टीनं मुलगा जिण्यामरण्याच्या मधे असताना जे बोलला तो शब्द नव्हता, नवस होता. आता तो मोडला तर काय होईल ते सांगायची गरज नव्हती. पोरगा आईच्या धाकानं पट्टा लावायला लागला. दोस्त हसायचे. लाइट मारून पोलीस कुठं आहे विचारायचे.

आणि थोड्याच दिवसांत घाट उतरल्यानंतरच्या वळणावर त्याचा टेंपो उलटला. केबिनचा चुराडा. हा पट्ट्यात उलटा लटकलेला, खांद्याजवळचं कॉलरबोनचं हाड मोडलेलं, बाकी धडधाकट. त्याची मुलगी तेव्हा पाळण्यात होती. आमच्या सर्जननी त्या दिवशी सगळ्या वॉर्डला पेढे वाटले, ज्यांना पथ्य होतं त्यांनासुद्धा.

घरी सोडताना हे त्याला म्हणाले, "हा पट्टा आता संपला. यानं एकदा जीव वाचवला, आता पुन्हा यावर भरवसा ठेवू नकोस. काढून टाक आणि नवा बसव." शंभर टक्के खरं बोलले. जोराचा ताण घेतलेला पट्टा पुन्हा वापरायचा नसतो. ‘नवा बसव’ हेही म्हणाले होते, मी तिथंच उभी होते. पण आईनं त्यातलं मोलाचं तेवढं उचललं. यानं जीव वाचवला आणि याचं काम झालं. जीव वाचवणाऱ्याला आपल्याकडे कुणी भंगारात टाकत नाही. पुढच्या गुरुवारी त्या पट्टा कापून, धुऊन, हळदकुंकू लावून घेऊन आल्या. आवारात उंबर, त्यात गुरुवार. बांधला, नारळ फोडला, आम्हाला खोबरं दिलं.

आम्ही खाल्लं. झाली सुरुवात.

मग एक रिक्षावाला आला, मग एक ट्रेलरवाला. मग ज्यांना अपघात झाला होता पण पट्टा नव्हता तेही कुठून कुठून पट्टे आणून बांधायला लागले. गेटाबाहेर शहाळी विकणाऱ्या चाचांनी आधी पूजेचे नारळ ठेवले, मग नारळाबरोबर पट्टा. मी विचारलं तर शांतपणे म्हणाले की भाभी, गिऱ्हाइकाला झाडाशी आल्यावर आठवण होते, मग ते कैचीनं स्वतःच्या गाडीचा कापतात, वेडेवाकडे, सीट फाटते, त्यापेक्षा माझ्याकडचा बरा. मला हे तेव्हाच खटकायला हवं होतं. पण दवाखान्यात गर्दी होती, आणि आमचे सर्जन संध्याकाळी खिडकीत चहा घेऊन उभे राहायचे, झाडाकडे बघायचे आणि म्हणायचे, "बघितलंस? लोकांना पटायला लागलं." इतक्या वर्षांत त्यांना इतकं खूश मी बघितलं नव्हतं. म्हटलं, राहू दे.

अशी काही वर्षं गेली. टेंपोवाला दर वर्षी नारळ घेऊन यायचा. पाळण्यातली मुलगी पहिलीत गेली. तिची आई साजगावला पॅकिंगच्या कामाला, सकाळची पाळी, म्हणून मुलगी बापाबरोबर टेंपोत पुढे बसून खोपोलीला शाळेत जायची आणि बाप दुपारी तसाच घेऊन यायचा. दोन वेण्या, पुढचा दात पडलेला, आणि बोलायला कुणाच्या बापाला न भिणारी. त्या वर्षी नारळ फुटल्यावर ह्यांनी तिला कौतुकानं जवळ घेतलं आणि विचारलं, टेंपोत बसतेस तेव्हा पट्टा लावतेस ना?

तिनं ह्यांच्याकडे असं बघितलं की या माणसाला डॉक्टर कुणी केलं. मग बोटानं झाडाकडे दाखवलं.

"आमचा पट्टा तर हितं हाय."

हे हसले. मग हसू थांबलं. टेंपोवाल्याला विचारलं, नवा नाही बसवलास? तो म्हणाला, "नाय सायेब. बाजूचाबी झाडालाच दिला. नवा बसवला तर झाडावर इस्वास नाय असं व्हतंय. आई म्हनते, एकदा दिला की दिला. आता झाड राखील." आणि त्याच्या दोस्तांचं काय? त्यांनीपण दिले. आगाऊच दिले. अपघात व्हायची वाट कशाला बघायची?

आमचे सर्जन झाडाखाली उभे राहून वर बघत होते. फांदीफांदीला पट्टे. जेवढे पट्टे वर, तेवढ्या गाड्या रस्त्यावर बिनपट्ट्याच्या. आयुष्यभर घसा कोरडा करून या माणसानं खालापूर तालुक्यातले होते तेवढे पट्टेसुद्धा गाड्यांतून काढून झाडावर चढवले होते. मला हसू आलं, देवाशप्पथ आलं. पण ती मुलगी टेंपोच्या पुढच्या सीटवर चढून बसली, पाय हलवत, समोर नुसती काच, आणि टेंपो हायवेला लागला. मग नाही आलं.

ह्यांनी बारा पायऱ्यांची शिडी मागवली. मी म्हटलं, माळी चढेल. नाही. म्हणाले, "मी चढवलेत, मीच काढणार." वय साठीच्या पुढे, गुडघे कुरकुरतात, पण एवढ्या तणतणीतही सुरक्षेत तडजोड नाही. चाचांकडून दोन कोरे पट्टे घेतले, छातीवरून आणि कमरेवरून बांधले, वरच्या फांदीला अडकवले, मग हातात ऑपरेशनची मोठी कात्री घेऊन कापायला लागले. खाली माणसं जमली. सलाइनची बाटली हातात धरून पेशंट बाहेर आले. कुणी म्हणालं, डॉक्टर येडं झालं रं. कुणी म्हणालं, झाडाला हात लावला, आता बघा.

आणि त्यांचा पाय सटकला.

शिडी एकीकडे पडली, कात्री दुसरीकडे. आमचे सर्जन मधे. पट्ट्यांनी त्यांना छातीशी आणि कमरेशी धरून ठेवलं होतं आणि ते फांदीखाली संथपणे गोल फिरत होते. खरचटलंसुद्धा नव्हतं. मग मागून कुणीतरी म्हणालं, झाडानं वाचवलं. आणि नारळ फुटला.

वरून हे ओरडले, "पट्ट्यानं वाचवलं रे! पट्ट्यानं!" खालच्यांनी समजुतीनं माना डोलावल्या. पट्ट्यानं म्हणजे झाडाच्याच ना. दुसराही नारळ फुटला.

शिडी परत लावली तर हे उतरेनात. म्हणाले, कुंभिवलीच्या त्या टेंपोवाल्याला बोलवा, त्याच्या टेंपोला पुढचे दोन्ही पट्टे बसेपर्यंत मी उतरणार नाही. सत्याग्रहच म्हणायचा, फक्त लटकून. फोन गेले. टेंपोवाला आला, आई आली, मुलगी आली. मुलीला हे फिरताना बघून भारी मजा वाटली. टेंपोवाला रडकुंडीला आलेला. एका बाजूला ज्यानं हाड बसवलं तो सर्जन, दुसऱ्या बाजूला जन्म दिलेली आई. आईचं म्हणणं एकच, दिलेलं परत घेतलं आणि पोरीला काय झालं तर? ह्यांचं म्हणणं एकच, नाही घेतलं आणि पोरीला काय झालं तर? दोघंही त्या एकाच मुलीसाठी जीव टाकत होते आणि दोघंही एकमेकांचं ऐकत नव्हते.

माझा धंदा माणसाला न दुखवता झोपवायचा. मी आईंच्या शेजारी जाऊन बसले. विचारलं, "आई, नारळ फोडला की सगळा झाड ठेवून घेतं का हो?"

"नाय. अर्धा आपल्याला."

"मग पट्ट्यातला तुमचा वाटा कुठाय? तुम्ही जुना दिलात. झाड नवा देतंय. प्रसाद आहे तो, आणि इतकी वर्षं तुम्ही तो नेलेलाच नाही."

वरून आवाज आला की ही शुद्ध अंधश्रद्धा आहे आणि माझ्या बायकोकडून मला ही अपेक्षा नव्हती. मी म्हटलं, "तुम्ही गप्प लटका."

आईंनी झाडाकडे बघितलं, नातीकडे बघितलं. मग मुलाला म्हणाल्या, "परसाद न्यायचा ऱ्हायला रं आपला." झालं. चाचांनी दोन कोरे पट्टे काढले, बुंध्याला टेकवले, आईंनी ते पदरात घेतले. समोरच्या गॅरेजवाल्यानं तिथंच, सगळ्यांसमोर, ते टेंपोला बसवले. मग आमचे सर्जन उतरले. उतरल्या उतरल्या माझ्याशी बोलले नाहीत, टेंपोत जाऊन पट्टे ओढून बघितले. मुलीला बसवून बघितलं तर पट्टा तिच्या गळ्याशी येत होता. तेव्हा हे घरी गेले आणि सासूबाईंचा जेवायचा शिसवी पाट घेऊन आले. तो सीटवर नटबोल्टनं पक्का केला, वर गोधडीची घडी ठेवली. आता पट्टा बरोबर खांद्यावर. मुलगी पाटावर नवरीसारखी बसून खोपोलीला जायला लागली आणि रस्ताभर लोकांना हात करायला लागली.

त्या दिवसापासून जुना पट्टा दिला की नवा प्रसाद घेऊन जायचा, तो गाडीत बसवायचा आणि रोज बांधायचा, कारण प्रसाद नाकारत नाहीत. ह्यांना तो प्रसाद शब्द अजून सहन होत नाही. ते त्याला ‘दुसरा टप्पा’ म्हणतात.

त्याच वर्षी, पावसाळा संपत आला होता. दुपारी शाळा सुटायची वेळ. हे थिएटरबाहेर हात धूत होते. गेटावरून चाचांनी हाक मारली. साधी हाक नव्हती. कुंभिवलीचा टेंपो, ट्रेलरनं दाबला, उलटलाय, घेऊन येतायत, एवढं कळलं. मी ह्यांच्याकडे बघितलं. ते नळाखाली हात धरून तसेच उभे होते. पाणी वाहत होतं. मी नळ बंद केला.

कुणाच्या तरी जीपमधून टेंपोवाला उतरला. स्वतःच्या पायांनी. कडेवर मुलगी. बापाच्या कपाळावर रक्त, आणि मुलगी भोकाड पसरून रडत होती. आमच्या धंद्यात रडणाऱ्याची भीती वाटत नाही, गप्प असलेल्याची वाटते. पण हे मला तेव्हा आठवलं नाही, मी नुसती धावले.

पोट बघितलं, मान बघितली, एक्स-रे काढले, सोनोग्राफी केली. हाड मोडलं नव्हतं, आत काही फाटलं नव्हतं. शाळेचा फ्रॉक बाजूला केला तेव्हा दिसला तो वळ. डाव्या खांद्यापासून छातीवरून उजव्या कमरेपर्यंत, काळानिळा, पट्ट्याच्या रुंदीचा, आखून काढल्यासारखा सरळ. ह्यांनी एक बोट त्या वळाच्या कडेकडेनं फिरवलं.

"लय दुखतंय," मुलगी हुंदके देत म्हणाली.

"दुखू दे गं बाय," हे म्हणाले. "दुखू दे."

आणि आमचे सर्जन रडायला लागले. स्टुलावर बसून, नर्सांसमोर, टेंपोवाल्यासमोर, नाक वर ओढत. मुलगी रडायची थांबली आणि त्यांच्याकडे बघत राहिली. मी तिला दुखण्याचं औषध पाजलं. या माणसावर मी उभा जन्म वैतागले, तरी त्या वेळी मला तो इतका आवडला की मलाच लाज वाटली.

तिला रात्रभर ठेवून घेतलं. संध्याकाळी मी खिडकीतून बघितलं तर हे झाडाखाली उभे होते. आजूबाजूला कुणी नाही अशी खात्री केली, आणि टेंपोवाले करतात तसा एक हात पटकन छातीला लावला. मी आजपर्यंत हे बोलून दाखवलेलं नाही.

दुसऱ्या दिवशी टेंपोवाल्याची आई दोन कापलेले पट्टे आणि नारळ घेऊन हजर. मुलीला घरी न्यायला भाच्याची गाडी आणली होती. आमचे सर्जन त्या गाडीत डोकावले आणि मागच्या सीटचे पट्टे प्लास्टिकमधे गुंडाळलेले बघून असे भडकले की सगळा वॉर्ड बाहेर आला. प्लास्टिक निघेपर्यंत आणि मोडक्या टेंपोतून पाट काढून आणेपर्यंत त्यांनी मुलीचा डिस्चार्ज अडवून धरला.